जिवंत सातबारा

“तुझ्या मामीचं असलं काही करता येईल का गं?”

मामांनी हे विचारलं तेव्हा पडद्यावर मार्थाच्या मुलीचा वाढदिवस चालला होता आणि मार्थाचा मेलेला जोडीदार वर माळ्यावर उभा होता. ‘ब्लॅक मिरर’ या ब्रिटिश मालिकेतला 2013 सालचा हा भाग, ‘बी राइट बॅक’. जोडीदार अपघातात जातो. त्यानं हयातीत समाजमाध्यमांवर जे जे लिहिलं ते एका सेवेच्या हवाली केलं, की ती त्याच्यासारखी उत्तरं पाठवू लागते. व्हिडिओ दिले की त्याच्या आवाजात फोनवर बोलू लागते. शेवटी घरी एक भलंमोठं खोकं येतं आणि त्यातून तोच निघतो. सगळं त्याच्यासारखं, फक्त भांडत नाही. म्हणून माळ्यावर.

मला वाटलं होतं, मामांना हे बघवणार नाही. मी रिमोट हातात धरूनच बसले होते.

सप्टेंबर 2025. जालन्यात पाऊस थांबायचं नाव घेत नव्हता. पितृपंधरवडा चालू होता. मामींना जाऊन वर्ष झालेलं, हा त्यांचा पहिलाच पक्ष. त्यासाठी मी पुण्याहून आले होते आणि संध्याकाळी दुसरं काही सुचेना म्हणून मामांच्या टीव्हीवर माझं खातं जोडून बसले होते. मामा निवृत्त तलाठी. भोकरदन, अंबड, घनसावंगी असे तालुके फिरत तेहतीस वर्षं नोकरी झालेली. 2024 मध्ये सरकारनं तलाठ्याचा ‘ग्राम महसूल अधिकारी’ केला, त्यावर मामांचं म्हणणं एवढंच, की नाव बदललं तर त्याचा फेरफार कुणी मंजूर केला?

मी सॉफ्टवेअर कंपनीत टेस्टिंग करते, म्हणजे दुसऱ्यांच्या कामातल्या चुका शोधण्याचा पगार घेते. आमच्या दोघांत यंत्राची बाजू कोण घेणार हे कुणालाही आधीच ठरलेलं वाटेल. झालं उलटंच.

“नको,” मी म्हणाले.

“येत नाही, का नको?”

“येतं. म्हणूनच नको.”

“हे बघ बाई, दुपारी आपण काय केलं? पान वाढलं, गच्चीवर नेऊन ठेवलं, ‘ये, जेव’ म्हणालो. कावळ्यानं शिवलं तर ती जेवली असं धरलं. ते चालतं, अन् तुझं मशीन चालत नाही?”

“कावळा मामीच्या आवाजात बोलत नाही, मामा.”

“म्हणून तर मशीन पाहिजे.”

आता हा माणूस थट्टा करतोय की नाही हे मला तीस वर्षांत कळलेलं नाही. मामींना कळायचं.

“तुला वाटतं हे नवीन आहे,” मामा सरसावून बसले. “मी जाळीच्या देवाकडं होतो ना चार वर्षं.” जाळीचा देव म्हणजे भोकरदन तालुक्यातलं, जयदेववाडीचं महानुभावांचं तीर्थस्थान. तिथल्या महंतांच्या तोंडून मामांनी लीळाचरित्र ऐकलेलं. “मराठीतला पहिला गद्य ग्रंथ. त्याची सुरुवात कशी आहे? गुजरातेतल्या प्रधानाचा मुलगा हरपाळदेव मेला. चितेवर ठेवायला नेला अन् उठून बसला. कारण द्वारावतीच्या चांगदेव राऊळांनी आपला देह टाकून त्या देहात प्रवेश केला. तेच पुढं आपले चक्रधर. आता सांग, ह्याला तुझ्या मालिकांत काय म्हणतात?”

“स्लीव्ह.” मला हसू आलं. ‘आल्टर्ड कार्बन’ नावाची मालिका 2018 मध्ये नेटफ्लिक्सवर आली. तिच्यात माणसाचं सगळं भान मानेत बसवलेल्या एका चकतीत साठवलेलं असतं. शरीर म्हणजे नुसती बाही, कपड्याची. फाटली की दुसरी. श्रीमंतांजवळ शरीरांचा साठा असतो आणि भानाची प्रत वरच्या वर उपग्रहावर जात असते. “त्यात एक बँक्रॉफ्ट म्हणून शेठ आहे. त्याची प्रत दर अठ्ठेचाळीस तासांनी निघते. त्याचा खून होतो तो नेमका पुढची प्रत निघायच्या आधी. तो नव्या शरीरात जागा होतो, पण आपल्याला कुणी मारलं हेच त्याला आठवत नाही. सगळी गोष्ट त्या दोन दिवसांची.”

“म्हणजे दोन दिवसांच्या नोंदी प्रलंबित.” मामा खूश झाले. “कळलं. पुढं?”

“पुढं असं, की हरपाळदेवाच्या बायकोचं काय? कमळाईसेनं ज्याला घरात घेतलं तो तिचा नवरा होता का? शरीर तेच, आतला दुसरा. मार्थाचं तेच झालं.”

“तो जुगारात हरला तेव्हा पैसे भागवायला हिनं दागिने दिले नाहीत, असं लिहिलंय.”

“मग तिनं ओळखलं असणार.”

मामा मोठ्यानं हसले. वर्षभरात पहिल्यांदाच. मी रिमोट खाली ठेवला.

चहा झाल्यावर त्यांनी मुद्द्याला हात घातला. खरंच माणूस उतरवून घेता येतो का? संपूर्ण?

मला माहीत होतं ते सांगितलं. सूत्रकृमींपैकी एक मिलिमीटरभर लांबीचा किडा आहे, त्याच्यात 302 चेतापेशी. त्यांच्या जोडण्यांचा नकाशा 1986 मध्येच छापून झाला, पण नुसता नकाशा बघून तो किडा पुढच्या क्षणी कुठं वळेल हे आजही सांगता येत नाही. ऑक्टोबर 2024 मध्ये फळमाशीच्या मेंदूचा पूर्ण नकाशा आला: जवळपास 1,40,000 पेशी, पाच कोटींहून जास्त जोडण्या. त्याच वर्षी माणसाच्या मेंदूतला एक घन मिलिमीटरचा तुकडा, म्हणजे राजगिऱ्याचा दाणा म्हणा, हार्वर्ड आणि गुगलच्या लोकांनी उलगडून मांडला. त्यात सुमारे 57,000 पेशी आणि 15 कोटी जोडण्या निघाल्या. ती सगळी माहिती साठवायला 1.4 पेटाबाइट जागा लागली.

“माझ्या भाषेत सांग.”

“तुमच्या फोनसारखे अकरा हजार फोन. एका राजगिऱ्याला. आणि असे दाणे डोक्यात बारा-तेरा लाख.”

“राजगिऱ्याचा लाडू,” मामा म्हणाले. मग बराच वेळ गप्प. “मग ते राहू दे. तेवढं नकोच मला. तिच्या डोक्यात माझ्याबद्दल काय काय होतं ते सगळं उतरलं तर पंचाईत. नुसता आवाज अन् बोलणं. ते तर होतं ना?”

इथं मला पळवाट नव्हती. होतं. मामांच्या व्हॉट्सॲपवर मामींचे 214 आवाजी निरोप होते. मामी टाइप करत नसत, बोलायच्या. फोनला तोंडाशी धरून, लांबच्या माणसाला हाक मारावी तशा ओरडून. त्यातले पाच-सहा निरोप एखाद्या सेवेला दिले तर तासाभरात आवाज तयार.

“लीळाचरित्र लिहिताना म्हाइंभटांनी दुसरं काय केलं?” मामा पुन्हा आपल्या विषयावर. “चक्रधर स्वामी उत्तरापंथे निघून गेले. मागं राहिलेल्यांना चैन पडेना. मग म्हाइंभट गावोगाव हिंडले. कुणाला स्वामी काय म्हणाले, कुठं बसले, काय जेवले, सगळं गोळा केलं. ही तुझी माहितीच झाली की. अन् मूळ पोथी खालशाच्या, म्हणजे सुलतानी फौजेच्या, धाडीत गेली, तेव्हा पाठ असलेल्यांनी पुन्हा सांगून उभी केली. हिराइसेनं सांगितली. ह्याला बॅकअप नाही म्हणायचं तर काय म्हणायचं?”

मला हे मान्य करावं लागलं, की तेराव्या शतकातली ती माणसं ‘बी राइट बॅक’च्या लेखकापेक्षा पुढं होती. पण मी टेस्टर आहे. फरक शोधणं हे माझं पोटापाण्याचं काम.

“मामा, जिथं दोघांच्या आठवणी जुळल्या नाहीत तिथं त्यांनी काय केलं?”

“दोन्ही लिहिल्या. अमक्यानं असं सांगितलं, तमक्यानं तसं.”

“नावासकट?”

“नावासकट.”

“हे यंत्र तसं करत नाही. जिथं माहिती नाही तिथं ते थांबत नाही. कुठून तरी आणून भरतं, आणि भरलेलं कुठलं, मामीचं कुठलं हे कुठंच लिहीत नाही. इथल्या औद्योगिक वसाहतीत काय होतं? कुणाची सायकल, कुणाचा पंखा, कुणाची खाट, सगळं भंगार एका भट्टीत. बाहेर सळई येते.”

“लोखंड तेच असतं.”

“लोखंड राहतं. सायकल जाते.”

जालन्याच्या माणसाला ही उपमा टाळता येत नाही. हवेतच लोखंड आहे. मामा काही बोलले नाहीत. पण हरलेही नव्हते.

मग मी त्यांना ‘अपलोड’ची गोष्ट सांगितली. ॲमेझॉनवरची ही मालिका 2020 मध्ये सुरू झाली आणि तिचा शेवटचा सीझन ऑगस्ट 2025 मध्ये येऊन गेला. मरणाऱ्या माणसाचं भान एका कंपनीच्या संगणकी स्वर्गात भरायचं. तिथं तळं आहे, झाडी आहे, हॉटेल आहे. नायक नेथन तिथं राहतो, पण त्याचं बिल भरते त्याची मैत्रीण, म्हणून मेल्यावरही तो तिच्या मुठीत. ज्यांना परवडत नाही ते तळमजल्यावर, महिन्याला दोन जीबीच्या योजनेत. डेटा संपला की माणूस जागच्या जागी गोठतो, पुढच्या महिन्याची एक तारीख येईपर्यंत.

“हे मात्र खरं वाटतं,” मामा म्हणाले.

मग ‘पँथिऑन’ ही मालिका सांगितली. त्यात चंदा नावाच्या भारतीय अभियंत्याला पळवून नेतात, त्याचा मेंदू उतरवून घेतात आणि मेल्यावर त्याला कामाला जुंपतात. त्याला ठाऊकही नसतं की आपण मेलोय.

“मेल्यावर रोजगार हमी!”

“‘सॅन जुनिपेरो’ मात्र सुंदर आहे,” मी म्हणाले, कारण एकतर्फी बोलणं मला आवडत नाही. ‘ब्लॅक मिरर’चाच 2016 चा हा भाग, पुढच्या वर्षी दोन एमी मिळालेला. समुद्रकाठचं गाव, दोन म्हाताऱ्या बाया तिथं तरुण होऊन भेटतात, प्रेमात पडतात, कायमच्या राहतात. मी प्रत्येक वेळी रडते. शेवटच्या दृश्यात ते गाव म्हणजे काय हे दाखवतात: एका प्रचंड खोलीत यंत्राचे हात आणि दिवे लुकलुकणाऱ्या चकत्यांच्या रांगा.

“अन् लाइट गेली तर?”

नेमकी त्याच क्षणी गेली असती तर लेखाला बरं झालं असतं. नाही गेली.

रात्री जेवताना मामांनी स्वतःच विषय काढला. खरं तर इथून पुढं वाद सुरू झाला. तोपर्यंत आम्ही एकमेकांना गोष्टीच सांगत होतो.

“एप्रिलमध्ये नाशिकला बाळासाहेबांचं भाषण झालं, ऐकलंस?”

ऐकलं होतं. बाळासाहेब ठाकरे गेले नोव्हेंबर 2012 मध्ये. एप्रिल 2025 मध्ये नाशिकच्या शिबिरात ठाकरे गटाच्या शिवसेनेनं त्यांच्या आवाजातलं, कृत्रिम बुद्धिमत्तेनं तयार केलेलं भाषण ऐकवलं. आवाज हुबेहूब, लकबी त्याच, आणि बोलणं आजच्या राजकारणावर. समोरच्यांनी टाळ्या वाजवल्या, विरोधकांनी टीका केली. दोन्ही अपेक्षितच.

“मी ऐकत होतो अन् अंगावर काटा आला. बाळासाहेब बोलायलेत! खोटं कशाला सांगू, बरं वाटलं,” मामा म्हणाले. “अन् त्याच महिन्यात इकडं काय चाललं होतं माहिताय? जिवंत सातबारा.”

हे मला माहीत नव्हतं. राज्याच्या महसूल खात्याची ही मोहीम आधी शेजारच्या बुलढाण्यात झाली आणि 1 एप्रिल 2025 पासून सगळ्या महाराष्ट्रात. सातबाऱ्यावर वर्षानुवर्षं मेलेल्या खातेदारांची नावं तशीच पडून असतात. आजोबा जाऊन चाळीस वर्षं झाली तरी जमीन आजोबांच्याच नावावर. मग पीककर्ज अडतं, विम्याचं अडतं, अनुदानाचं अडतं. मोहीम अशी, की मयतांची नावं कमी करायची आणि वारसांची चढवायची. ह्याला नाव दिलं ‘जिवंत सातबारा’.

“म्हणजे मेलेल्याला काढलं की कागद जिवंत होतो,” मी म्हणाले.

“तसंच.”

“मामा, हे तुम्हीच कबूल केलंत.”

ते थोडे चपापले. मग तलाठी जागा झाला. “थांब. नक्कल वेगळी अन् फेरफार वेगळा. नक्कल म्हणजे जे आहे ते उतरवायचं. वर शिक्का: अस्सलबरहुकूम नक्कल. कोर्टात चालते. मामीचे निरोप म्हणजे नक्कल. त्याला तुझी हरकत नाही ना?”

“नाही.”

“फेरफार म्हणजे नवीन काही घडलं, त्याची नोंद. विक्री, वाटणी, वारस. ती मी लिहायची, हितसंबंधितांना नोटीस द्यायची, पंधरा दिवस हरकतीला ठेवायचे, मग मंडळ अधिकाऱ्यानं प्रमाणित करायची. मी एकटा लिहू शकतो, मंजूर करू शकत नाही.” बोटांवरचा भात सुकत चालला होता. “आता नाशिकचं भाषण. आवाज नक्कल. पण मजकूर? मजकूर नवीन. म्हणजे मयत इसमानं फेरफार केला.”

“हरकतीला पंधरा दिवस कुणी दिले?”

“कुणी देणार? ज्याची हरकत असायची तोच मयत.”

मला वाटलं मी जिंकले. पण मामांनी पान सरकवलं आणि उलटा डाव टाकला. “पण हे तरी नवीन कुठंय? नामदेवाच्या नावावर किती अभंग दुसऱ्यांचे आहेत! विष्णुदास नामा म्हणून एक मागाहून झाला. तो लिहितो अन् शेवटी नाव टाकतो ‘नामा’. लोकांनी दोघांचं एकत्र करून गायलं. कुणाचं काय बिघडलं?”

“एकनाथांचं बिघडलं.” हे मला शाळेतलं आठवत होतं. ज्ञानेश्वर जाऊन तीनशे वर्षं होत आली होती, आणि त्यांच्या ग्रंथात लोकांनी आपापल्या ओव्या घुसडल्या होत्या. पैठणला नाथांनी जुन्या पोथ्या मिळवून शके 1506 मध्ये, म्हणजे 1584 साली, शुद्ध प्रत केली. यापुढं कुणी स्वतःची ओवी यात घालू नये अशी ताकीदही शेवटी लिहून ठेवली. “नाथ स्वतः कवी होते. त्यांना घालता आली नसती एक ओवी? कुणाला कळलंही नसतं.”

मामा म्हणाले, “नाथांसारखा माणूस प्रत्येक घरात कुठून आणायचा?” आणि हात धुवायला उठले. ह्याला उत्तर माझ्याकडं आजही नाही.

दुसऱ्या दिवशी पाऊस जरा उघडला तेव्हा मामांना जांबला जायचं होतं. घनसावंगी तालुक्यातलं जांब समर्थ, रामदासांचं जन्मगाव. मामींची इच्छा होती आणि राहून गेली, एवढंच ते म्हणाले. वाटेत पाणी तुंबलेली कपाशी, काळं पडलेलं सोयाबीन. गाडीत मामा समर्थांकडूनच युक्तिवाद घेऊन आले. अखेरच्या दिवसांत शिष्य रडू लागले तेव्हा समर्थांनी समजूत घातली, की माझा देह गेला तरी मी दासबोधाच्या रूपानं तुमच्यात आहे. “अपलोडच की हा! वीस दशकं, दोनशे समास. कल्याणस्वामींच्या हातची प्रत डोमगावच्या मठात, ती धुळ्याच्या शंकर श्रीकृष्ण देवांनी 1905 मध्ये छापली. अस्सलबरहुकूम.”

“पण दासबोधाला प्रश्न विचारला तर तो नवीन उत्तर देतो का?”

“वाचणाऱ्याला देतो.”

“वाचणारा स्वतःलाच देतो, मामा. पोथी जागची हलत नाही. म्हणूनच साडेतीनशे वर्षं चाललं.”

देवळात फार गर्दी नव्हती. समर्थांच्या घराण्यातल्या पूजेच्या इथल्या मूर्ती ऑगस्ट 2022 मध्ये चोरीला गेल्या होत्या. दोनेक महिन्यांनी पोलिसांनी त्या परत मिळवल्या. मामांना तो काळ चांगला आठवत होता. बायाबापड्या रडत होत्या, म्हणाले.

मी विचारलं, “फोटो होते ना मूर्तींचे? मापं काढता आली असती. पंचधातू बाजारात मिळतो. मग गावानं नव्या का नाही घडवून घेतल्या? डोळ्यांना फरक कळला नसता.”

मामा बराच वेळ मूर्तींकडं बघत राहिले. “देवाचं वेगळं असतं,” म्हणाले. पण आवाजात जोर नव्हता. मला माझा प्रश्न जरा क्रूर वाटला. आणि हेही खरं, की फेब्रुवारी 2020 मध्ये दक्षिण कोरियाच्या एमबीसी वाहिनीनं एका आईला तिच्या गेलेल्या छोट्या मुलीची आभासी भेट घडवून आणली, ते मी मोबाइलवर पाहिलं होतं. चष्मा लावून हवेत हात फिरवणारी ती आई पाहताना ‘हे खोटं आहे’ असं मला एकदाही म्हणावंसं वाटलं नव्हतं. हे मी मामांना सांगितलं नाही. वादात असले कागद कुणी दाखवत नाही.

परतताना अंबड रस्त्याला त्यांना एक फोन आला. नात्यातलंच कुणी; पणजोबांच्या जुन्या कागदावर एक शब्द लागत नव्हता. मामांना मोडी थोडी येते, त्यामुळं दोन वर्षांपासून असे फोन सारखे येतात. अंतरवाली सराटीच्या मराठा आरक्षण आंदोलनानंतर सप्टेंबर 2023 पासून न्यायमूर्ती शिंदे समितीनं निजामकाळातल्या कुणबी नोंदी शोधायला घेतल्या, आणि नुकताच, 2 सप्टेंबरला, हैदराबाद गॅझेटबद्दलचा शासन निर्णय निघाला होता. घराघरात ट्रंका उघडल्या जात होत्या. मोडी, उर्दू, फारसी. खासरा पत्रकं, जन्ममृत्यूच्या वह्या. त्या मागणीच्या बाजूनं बोलणारे आणि विरोधात बोलणारे, दोघंही एकाच गोष्टीपाशी येऊन थांबत होते: कागदावर काय लिहिलंय.

फोन ठेवून मामा म्हणाले, “शब्द पुसलाय. नाही वाचता येत. तो म्हणतो, तुम्ही अंदाजानं सांगा. मी म्हणालो, अंदाजानं सांगत नसतो.”

मी गप्प बसायला हवं होतं. नाही बसले. “ह्यांचे पणजोबा त्या सेवेत असते तर? फोन लावून विचारलं असतं, ‘आजोबा, तुम्ही कोण होतात?’”

“ज्यानं विचारलं त्याला पाहिजे ते सांगितलं असतं.” मामा ताडकन बोलले. मग खिडकीबाहेर पाहू लागले. गाडी थेट जालन्याच्या मोतीतलावापर्यंत आली तोवर एक शब्द नाही.

आता मला इथं एक कबुली द्यायची आहे. आदल्या रात्री मामा झोपल्यावर मी ते करून पाहिलं होतं. टेस्टरचा हात. त्यांच्या फोनमधले सहा निरोप घेतले, एका सेवेवर चढवले, कानात हेडफोन घातले आणि मामी बोलल्या. आवाज शंभर टक्के मामींचा. श्वास घेण्याची ती घाईसुद्धा. पण म्हणाल्या काय? “आपण औषध घेतले आहे का?” मामी आयुष्यात कधी ‘आपण’ म्हणाल्या नाहीत, आणि ‘घेतले आहे’ तर मुळीच नाही. त्या म्हणायच्या, “गोळी गिळली का?” यंत्राला मामींचा गळा मिळाला होता, जीभ त्यानं पुस्तकातून आणली होती, तीही पुण्याच्या. मी चार वेळा दुरुस्त करून पाहिलं. पाचव्यांदा ते “गोळी गिळली का?” असं बरोबर म्हणालं, आणि तेव्हा मात्र मला भीती वाटली. सगळं पुसून टाकलं.

हे मी मामांना जांबहून परतल्यावर रात्री सांगितलं. मला वाटलं, रागावतील. त्यांनी एवढंच विचारलं, “पाचव्यांदा कसं वाटलं?”

“मामीच.”

“मग पुसायच्या आधी मला उठवायचंस.”

ह्यावर वाद करता येत नाही. मी केलाही नाही.

थोड्या वेळानं त्यांनी व्यवहाराचं विचारलं: हे 214 निरोप माझ्या मागं कुणाचे? 2023 च्या डिजिटल व्यक्तिगत विदा संरक्षण कायद्याच्या कलम 14 मध्ये नामनिर्देशनाची तरतूद आहे, आपल्या मृत्यूनंतर आपल्या माहितीबाबतचे हक्क कुणी बजावायचे ते नेमता येतं, असं मी सांगितलं. मामा लगेच म्हणाले, “नॉमिनी म्हणजे मालक नव्हे. शेअर्सच्या बाबतीत सर्वोच्च न्यायालयानं डिसेंबर 2023 मध्ये तेच सांगितलंय. नॉमिनी सांभाळतो, वारस मालक.” मग स्वतःशीच, “आवाजाला वारस कोण?” मयताच्या आवाजात नवीन वाक्य बोलवून घ्यायला कुणाची परवानगी लागते, हे त्या कायद्यात कुठंही सरळ लिहिलेलं नाही. मामांच्या मते लिहायला हवं, नोटिशीसकट आणि हरकतीच्या पंधरा दिवसांसकट. माझ्याही मते. ह्या एका गोष्टीवर आमचं एकमत झालं.

निघायच्या दिवशी सकाळी ते एक आखीव फुलस्केप वही घेऊन बसलेले दिसले. पट्टीनं चार रकाने पाडलेले: अनुक्रमांक, दिनांक, मजकूर, शेरा. कानाला फोन. एक निरोप ऐकायचा, थांबायचं, उतरवायचा, पुन्हा ऐकून ताडून पाहायचा. मी मागं उभी राहून वाचलं. अनुक्रमांक 3, मजकूर: “गोळी गिळली का. येताना कोथिंबीर आणा, मागच्यासारखी पिवळी नको. अन्”. शेरा: पुढे कुकरची शिट्टी, ऐकू येत नाही.

“मी देऊ का काढून? संगणक दोन मिनिटांत सगळे 214 टाइप करून देईल.”

“ते शिट्टीच्या जागी काहीतरी भरील,” मामा म्हणाले.

काल फोन केला तेव्हा ते 61 व्या नोंदीवर होते. रोज दोनच लिहितात.